चांदोबावरची सफर, पडद्यावरची आणि खरी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चंद्रावर जाणाऱ्या पोरांचा अ‍ॅनिमेशनपट लावला की पहिल्या दहा मिनिटांतच प्रश्न सुरू होतात. निम्मे मुलांचे, निम्मे त्यांना घेऊन आलेल्या मोठ्यांचे. गेली काही वर्षं मी मुलांना सिनेमे दाखवतोय; त्यात पुन्हा पुन्हा आलेले प्रश्न इथे उतरवून ठेवलेत. काही उत्तरं लांबली आहेत, कारण खरी मजा तिथेच आहे.

किती वर्षांच्या मुलाला असा सिनेमा दाखवावा?

चार-पाच वर्षांचं मूल दीड तास बसतं. पण वय बघायच्या आधी एक बघा: गोष्टीत कोण हरवलंय? चंद्रावर जायला काहीतरी कारण लागतं आणि लिहिणाऱ्यांना ते बरेचदा घरातल्या रिकाम्या जागेत सापडतं. २०२० च्या 'ओव्हर द मून'मध्ये मुलीची आई गेलेली आहे आणि वडील दुसऱ्या लग्नाच्या बेतात आहेत. चंद्रावरची सगळी रोषणाई आणि गाणी त्या दुःखाभोवती फिरतात. चांगलाच सिनेमा आहे, पण ज्या घरात नुकतंच कोणी गेलंय तिथे मोठ्यांनी तो आधी एकट्याने पाहावा. राक्षसांना आणि अंधाराला मुलं आपल्याला वाटतं तितकी भीत नाहीत. पडद्यावरची आई दिसेनाशी झाली की मात्र शेजारच्या खुर्चीतला हात घट्ट धरतात.

मध्येच मूल विचारतं, 'असं खरंच असतं का?' काय सांगायचं?

'संपल्यावर सांगतो' म्हणायचं आणि संपल्यावर खरंच सांगायचं. सिनेमा चालू असताना कानाशी भौतिकशास्त्र सांगणारे बाबा मी पुष्कळ पाहिलेत. मुलाचं ना सिनेमाकडे लक्ष राहतं, ना बाबांकडे.

म्हणजे या सिनेमांत सगळं खोटंच असतं?

खोट्यात दोन जाती आहेत. एक ठरवून मारलेली थाप. प्राणी बोलतात, चंद्रावर कोणी राजवाडा बांधून राहतं, पलंगाला पंख फुटतात. गोष्ट सुरू होतानाच ही थाप मुलाला सांगितलेली असते आणि मुलाने ती खुशीने मान्य केलेली असते. दुसरी जात आळसाची. ती कोणी ठरवून आणलेली नसते, पृथ्वीवरची सवय नकळत चंद्रावर गेलेली असते.

हा फरक मला एका सहा-सात वर्षांच्या मुलीने शिकवला. पडद्यावर एक बेडूक चंद्राच्या मातीवर उभा राहून झोकात भाषण ठोकत होता, गळ्यातला लाल मफलर मागे फडफडत होता. मुलगी मोठ्याने म्हणाली, "मघाशी तोच म्हणाला ना, इथे वारा नाही? मग मफलर कसा उडतोय?" आख्खी रांग हसली, पण तिचं बरोबर होतं. बोलणारा बेडूक तिला चालला, कारण ते आधीच ठरलं होतं. मफलर चालला नाही, कारण सिनेमाने स्वतःच घातलेला नियम स्वतः मोडला. तेव्हापासून असा कुठलाही सिनेमा मी याच मापाने मोजतो. विज्ञान किती पाळलं हे नंतर. आधी शब्द पाळला का?

थाप मारून वर कबुली देणाराही एक सिनेमा आहे. २००८ च्या 'फ्लाय मी टू द मून'मध्ये तीन माश्या अपोलो ११ मध्ये, म्हणजे माणसाला पहिल्यांदा चंद्रावर उतरवणाऱ्या यानात, लपून चंद्रावर जातात, आणि शेवटी त्या मोहिमेतले खरे अंतराळवीर बझ ऑल्ड्रिन खुद्द पडद्यावर येऊन सांगतात की यानात माश्या असणं शक्यच नव्हतं. मुलांना त्या कबुलीची गरज नव्हती. मोठ्यांना बहुधा असावी.

पण चंद्रावरचा झेंडा तर फडकताना दिसतो?

त्या झेंड्याच्या वरच्या कडेत आडवी दांडी होती, म्हणून तो ताठ दिसतो. काठी मातीत पिळून रोवताना कापड हललं, आणि हवा नसल्यामुळे ते हलणं लवकर थांबलं नाही, एवढंच. अपोलो ११ चा झेंडा तर यान परत उडताना इंजिनाच्या झोताने आडवा झाला, असं ऑल्ड्रिन यांनी पाहिलं होतं. नंतरच्या मोहिमांपैकी काहींच्या झेंड्यांच्या सावल्या २०१२ मध्ये कक्षेतल्या यानाने टिपलेल्या फोटोंत दिसल्या. म्हणजे काठ्या अजून उभ्या आहेत.

चंद्रावर उडी खरंच एवढी उंच जाते?

जाते, पण सिनेमावाले ती बहुतेक वेळा चुकीची काढतात, म्हणून हे उत्तर जरा सविस्तर.

चंद्राची ओढ पृथ्वीच्या साधारण एक षष्ठांश. २४ किलोचं मूल तिथे काट्यावर ४ किलो भरेल. समजा ते मूल इथे ४० सेंटिमीटर उंच उडी मारतं. तेवढाच जोर लावला तर चंद्रावर ते २ मीटर ४० सेंटिमीटर वर जाईल, म्हणजे घरातल्या खोलीत असतं तर छतावर डोकं आपटलंच असतं. इथे ते अर्ध्या सेकंदाहून थोडा जास्त वेळ हवेत असतं, तिथे जवळजवळ साडेतीन सेकंद अधांतरी राहील.

आता हे अ‍ॅनिमेशन करणाऱ्याच्या टेबलावर आणू. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने, म्हणजे २४ सुट्या चित्रांनी चालतो. पृथ्वीवरच्या उडीला साधारण १४ फ्रेम लागतात, चंद्रावरच्या त्याच उडीला ८३. या ८३ फ्रेममध्ये त्या मुलाने करायचं काय? इथे आळशी माणूस सगळंच सावकाश करून टाकतो. हात सावकाश, पापण्या सावकाश, केससुद्धा पाण्यात असल्यासारखे. हे साफ चूक. ओढ कमी झाली म्हणजे फक्त पडणं सावकाश होतं. हात हलवायचा वेग मुलाच्या स्नायूंचा असतो, तो चंद्राला विचारत नाही. त्या साडेतीन सेकंदांत मूल मान वळवेल, मित्राला हाका मारेल, नाक पुसेल, घाबरून हातपाय झाडेल, सगळं नेहमीच्या चपळाईने, आणि मग कुठे हळूहळू खाली येईल. चांगल्या अ‍ॅनिमेटरला हा रिकामा वेळ म्हणजे पर्वणी असते.

दुसरी खूण थांबण्याची. वजन सहापट कमी झालं तरी वस्तुमान तेवढंच राहतं. धावत सुटलेलं मूल चंद्रावर पटकन थांबू शकत नाही, कारण पायाची जमिनीवर पकडच कमी. वळायचं तर अंग चांगलंच कलतं करावं लागतं. अपोलोचे अंतराळवीर म्हणूनच कांगारूसारखे टुणटुणत किंवा एक पाय पुढे टाकत घसरल्यासारखे चालायचे, आणि बरेचदा तोंडावर आपटायचे. ज्या सिनेमात पात्रं चंद्रावर पडत नाहीत, त्याच्या कर्त्यांनी ती जुनी फिल्म पाहिलेली नसावी.

घरी करून बघायचं असेल तर टेबलावरून चेंडू सोडा. ८० सेंटिमीटर उंचीवरून तो इथे १० फ्रेममध्ये जमिनीला लागतो. चंद्रावर त्याला २४ लागतील, म्हणजे बरोबर एक सेकंद. 'एक' म्हणून सावकाश मोजा. तेवढा वेळ चेंडू पडतच असेल.

पीस आणि हातोडा एकाच वेळी पडतात, हे सिनेमात दाखवलं ते खरं?

अगदी खरं. अपोलो १५ चे डेव्हिड स्कॉट यांनी १९७१ मध्ये चंद्रावर उभं राहून कॅमेऱ्यासमोर हातोडा आणि ससाण्याचं पीस एकदम सोडलं. दोन्ही बरोबर खाली आली.

हेल्मेटशिवाय मुलं तिथे श्वास कसा घेतात?

घेतात, कारण ठरलंय तसं. या थापेला माझी बिलकुल हरकत नाही. चेहरा दिसला नाही तर मुलाला पात्राशी मैत्री करता येत नाही, आणि प्रत्येक पात्राला काचेच्या गोळ्यात बसवलं तर काचेवरची प्रतिबिंबं काढण्यातच निम्मा खर्च जायचा. फक्त सिनेमाने एका वाक्यात ते मिटवावं: जादूची भुकटी, बुडबुडा, काहीही. खरं विचाराल तर तिथे दहा-पंधरा सेकंदांत शुद्ध हरपते. माणूस फुग्यासारखा फुटतो वगैरे मात्र थापच, आणि ती कोणीतरी मोठ्यांच्या सिनेमांतून मुलांपर्यंत पोचवलेली.

चंद्रावर आवाज येतो का?

हवेतून येत नाही, कारण हवाच नाही. पण जमिनीतून कंप जातो. नोव्हेंबर १९६९ मध्ये अपोलो १२ ने आपल्या यानाचा रिकामा भाग मुद्दाम चंद्रावर आदळवला, तेव्हा तिथे ठेवलेल्या कंपमापकाने जवळजवळ तासभर थरथर नोंदवली. चंद्र घंटेसारखा वाजला, असं तेव्हा म्हटलं गेलं. एखाद्या सिनेमात पात्राने खडकाला कान लावून दूरच्या राक्षसाची पावलं ओळखली तर मी उठून टाळ्या वाजवीन. अजून तशी वेळ आलेली नाही.

धूळ इतकी छान उडते, ती तरी खरी?

धुळीवरून मी सिनेमाची परीक्षा करतो. इथे गाडी मातीतून गेली की मागे ढग उठतो आणि तरंगत राहतो, कारण हवा धूळ धरून ठेवते. चंद्रावर ढग होत नाही. प्रत्येक कण फेकलेल्या दगडासारखी आपापली कमान काढतो आणि थेट खाली. अपोलो १६ च्या गाडीची फिल्म पाहा: चाकामागून धुळीचा कोंबड्याच्या शेपटीसारखा तुरा निघतो आणि लगेच गळून पडतो, मागे स्वच्छ काळं आकाश. हे काढणं ढगापेक्षा सोपं नाही, पण ज्यांनी काढलंय त्यांचा चंद्र चटकन खरा वाटतो.

शिवाय ही धूळ काचेच्या चुऱ्यासारखी टोकदार असते, कारण तिच्या कडा घासून गोल करायला तिथे ना वारा ना पाणी. ती कपड्यांना चिकटली की निघत नाही. यानात आल्यावर हेल्मेट काढलं तेव्हा तिला बंदुकीच्या दारूसारखा वास आला, असं अंतराळवीरांनी सांगितलंय. अपोलो १७ च्या हॅरिसन श्मिट यांना तर त्या धुळीने शिंका आणल्या.

आकाशात पृथ्वी उगवताना दाखवतात, तसं दिसतं का?

इथे आळसाची चूक जवळपास ठरलेली. चंद्र आपली एकच बाजू पृथ्वीकडे ठेवून फिरतो. म्हणून चंद्रावर एका जागी उभ्या राहिलेल्या मुलाला पृथ्वी उगवतही नाही आणि मावळतही नाही. थोडी डुलते, पण आकाशात जवळपास टांगल्यासारखी तिथेच असते, आणि तिथेच कलेकलेने वाढते, कमी होते. आपला चंद्र दिसतो त्याच्या पावणेचार पट रुंद. बिल अँडर्स यांनी २४ डिसेंबर १९६८ ला टिपलेला पृथ्वी उगवतानाचा प्रसिद्ध फोटो अपोलो ८ मधून घेतलेला आहे. ते यान चंद्राभोवती फिरत होतं, म्हणून त्यांना ती वर येताना दिसली.

त्याच्या बहिणीसारखी दुसरी चूक: चंद्रकोरीच्या दोन टोकांच्या मध्ये चमकणारी चांदणी. तिथे उरलेला अंधारा चंद्र आहे. त्याच्या आरपार तारा कसा दिसेल? कोरीच्या टोकाला दोरी बांधून झोका घेणाऱ्या मुलाचं मला काही वाटत नाही, तो थापेचा भाग. चांदणी मात्र खटकते.

चंद्राच्या काळोख्या बाजूला खलनायक राहतो म्हणे?

राहू दे, पण काळोखात नाही. मागच्या बाजूलाही आपल्याकडच्या बाजूइतकंच ऊन पडतं. फक्त आपल्याला ती दिसत नाही. तिचे पहिले फोटो १९५९ मध्ये सोव्हिएत लुना ३ ने पाठवले, आणि तिथे पहिल्यांदा अलगद उतरलं ते चीनचं चांग'ई ४, जानेवारी २०१९ मध्ये. तिथून पृथ्वी कधीच दिसत नाही. खलनायकाला एकटेपणा हवा असेल तर एवढं पुरे.

एका रात्रीत जाऊन परत येता येतं?

अपोलो ११ निघालं १६ जुलै १९६९ ला आणि उतरलं २० ला. सरासरी अंतर ३,८४,४०० किलोमीटर. चित्रांत पृथ्वी-चंद्र शेजारी शेजारी काढलेले असतात, त्याने सगळ्यांचा गोंधळ होतो. पृथ्वी बास्केटबॉलएवढी धरा, तर चंद्र टेनिसच्या चेंडूएवढा, आणि दोघांमध्ये सात मीटरपेक्षा जास्त अंतर. एका मुलाला बास्केटबॉल देऊन दुसऱ्याला चेंडू घेऊन मागे सरकायला सांगा, मधली मुलं ओरडत राहतात, "अजून? अजून?"

'रात्र' या शब्दाचीही तिथे पंचाईत आहे. चंद्रावरचा दिवस आपल्या चौदा-पंधरा दिवसांचा, रात्रही तेवढीच. सिनेमात एका प्रसंगात ऊन आणि पुढच्यात अंधार पडला तर मधल्या वेळात पात्रं काय करत होती हे विचारायला हवं. उलट एक गंमत कोणी वापरत नाही: चंद्राच्या विषुववृत्तावर सावलीची कड ताशी साडेपंधरा किलोमीटरच्या आसपास सरकते. दमदार सायकल मारणाऱ्या मुलासाठी तिथे सूर्य मावळणारच नाही.

तिथे थंडी असते की उकाडा?

दोन्ही, आणि अगदी शेजारी शेजारी. विषुववृत्तावर दुपारी सुमारे १२० अंश सेल्सिअस, रात्री उणे १३०. चांद्रयान-३ चं विक्रम २३ ऑगस्ट २०२३ ला दक्षिण ध्रुवाकडच्या भागात उतरलं आणि त्याने मातीत तापमापक खुपसला. वर पन्नासच्या पुढे, आणि जेमतेम ८ सेंटिमीटर खाली उणे १० च्या आसपास. बोटभर खोलीत उन्हाळा आणि हिवाळा. चंद्रावर खड्डा खणणाऱ्या पात्राला हे द्यायला काय हरकत आहे? त्याच ध्रुवाजवळ काही विवरांच्या तळाला ऊन कधीच पोचत नाही, तिथे उणे २०० च्याही खाली.

चंद्रावरचा ससा कुठून आला?

काळ्या डागांतून. ते डाग म्हणजे अब्जावधी वर्षांपूर्वी वाहून थिजलेल्या लाव्हाची मैदानं. आपण त्यात ससा पाहिला म्हणून चंद्र शशांक झाला, हरीण पाहिलं म्हणून मृगांक. चीनमध्येही ससाच, तोही चांग'ई देवीच्या सोबतीला; त्यांच्या २०१३ च्या चंद्रगाडीचं नावच 'युटू', म्हणजे जेड या मौल्यवान दगडाचा ससा. अपोलो ११ उतरायच्या दिवशी सकाळच्या बातम्या सांगताना ह्यूस्टनच्या नियंत्रण केंद्राने अंतराळवीरांना या देवीची आणि सशाची गोष्ट ऐकवली होती. लक्ष ठेवतो, असं यानातून उत्तर आलं.

चंद्रसफरीचा सगळ्यात जुना सिनेमा कोणता?

प्रसिद्ध म्हणावा असा पहिला जॉर्ज मेलिएस यांचा 'अ ट्रिप टू द मून', १९०२ चा, चौदा-पंधरा मिनिटांचा. त्यात माणसंच काम करतात, पण थांबवून-बदलून केलेल्या करामती अ‍ॅनिमेशनच्या सख्ख्या नात्यातल्या. चंद्राच्या डोळ्यात घुसलेलं रॉकेट त्यातलंच. मंडळी टोप्या घालून, छत्र्या घेऊन चंद्रावर उतरतात आणि परतताना यान चंद्राच्या कड्यावरून ढकलून थेट समुद्रात पाडतात. थाप केवढी! आणि १९६९ मध्ये खरं यान परत आलं तेही समुद्रातच. हाताने रंगवलेली त्याची एक प्रत १९९३ मध्ये बार्सिलोनात सापडली आणि दुरुस्त करून २०११ ला कान महोत्सवात दाखवली. लहान मुलांना आवर्जून दाखवा. संवाद नाहीत, त्यामुळे वाचून दाखवायची कटकटही नाही.

एवढासा सिनेमा बनवायला इतकी वर्षं का लागतात?

हिशेब करा: ९० मिनिटं, गुणिले ६० सेकंद, गुणिले २४. झाल्या १,२९,६०० फ्रेम, आणि प्रत्येकीत माती, सावली, डोळ्यातली चमक. निक पार्क यांनी चीज संपलं म्हणून चंद्रावर जाणाऱ्या माणसाचा आणि त्याच्या कुत्र्याचा सिनेमा १९८२ मध्ये शिकत असताना सुरू केला. जेमतेम २३ मिनिटांचा, बाहुल्या इंच इंच सरकवून केलेला. पुरा झाला १९८९ ला. त्यातला चंद्र चीजचा आहे आणि तो शेवटपर्यंत चीजचाच राहतो. शब्द पाळणं म्हणतो ते हे.

मराठीत डब केलेला पाहावा की मूळ भाषेत?

वाचायला न येणाऱ्या मुलाला डब केलेलाच. मोठ्या मुलांना विचारा. डबिंग वाईट असेल तर ती पाच मिनिटांत सांगतात.

सिनेमा पाहून मूल रात्री झोपत नाही. काय करावं?

खिडकीशी नेऊन खरा चंद्र दाखवावा, दिसत असेल तर. बहुतेकांना तो पडद्यावरच्या मानाने फारच छोटा वाटतो, आणि त्यानेच भीती जाते.

चंद्रावरून आपण दिसतो का?

हा प्रश्न नेहमी सर्वात शेवटी येतो, चपला घालता घालता. माणूस दिसत नाही, घर नाही, शहरही नाही. निळा गोळा आणि त्यावरचे पांढरे ढग दिसतात. पण अपोलो ११ ने तिथे एक आरसा ठेवलाय, आणि पृथ्वीवरून सोडलेला लेसरचा झोत त्यावरून परत फिरतो. जायला सव्वा सेकंदाहून किंचित जास्त, यायला तेवढेच. एवढं ऐकून ती मफलरवाली मुलगी दारातून चंद्राकडे हात हलवून आली आणि बोटं मोजत उभी राहिली.